ज्योतीची वार्षिक विचारपूस

एक घनमीटर नैसर्गिक वायू जाळला की सुमारे दीड लिटर पाणी तयार होतं. पाणी तापतं असं म्हणत नाही मी. ते तयार होतं, त्याआधी ते कुठेच नव्हतं. मिथेनच्या रेणूत कार्बनच्या एका अणूभोवती हायड्रोजनचे चार अणू असतात. जळताना हवेतला ऑक्सिजन कार्बनला गाठतो तसा हायड्रोजनलाही गाठतो, आणि मिथेनच्या एका रेणूमागे पाण्याचे दोन रेणू बाहेर पडतात. इंग्लंडमधल्या मध्यम आकाराच्या घरात वर्षाकाठी हजारेक घनमीटर गॅस जळतो. म्हणजे स्वयंपाकघराच्या कपाटात, कपबशांच्या शेजारी टांगलेल्या एका पांढऱ्या पेटीत वर्षभरात दीड हजार लिटर पाणी आगीच्या पोटी जन्माला येतं.

जानेवारीत सकाळी लेस्टरच्या किंवा लीड्सच्या एखाद्या गल्लीतून चालत गेलं की घरोघरच्या भिंतींतून पांढरे लोट निघताना दिसतात. भारतातून नुकत्याच आलेल्या माणसाला तो धूर वाटतो. खरं तर गॅस जळून झालेली ती वाफ असते आणि बाहेरच्या थंड हवेत तिचे बारीक थेंब झालेले असतात. मायकेल फॅरडेने १८६० च्या नाताळात लंडनच्या रॉयल इन्स्टिट्यूशनमध्ये मुलांना मेणबत्तीवर व्याख्यानं दिली, तेव्हा बर्फाने गार केलेलं भांडं ज्योतीवर धरून त्याने हेच पाणी त्यांना दाखवलं होतं. आज त्याच्या देशात कोट्यवधी घरांच्या भिंती हिवाळाभर तोच प्रयोग करत असतात आणि खालून जाणारे लोक मान वरही करत नाहीत.

या पांढऱ्या पेटीला बॉयलर म्हणतात खरं, पण तिच्यात पाणी उकळत नाही, उकळू द्यायचंच नसतं. साठ-सत्तर अंशांपर्यंत तापलेलं पाणी पेटीतून निघतं, खोल्याखोल्यांतल्या रेडिएटरमधून फिरतं, उष्णता देऊन परत येतं आणि पुन्हा तापतं. तेच पाणी वर्षानुवर्षं त्याच नळ्यांतून फिरत राहतं. आंघोळीचं आणि भांड्यांचं पाणी वेगळं. ते थेट मुख्य नळातून येतं आणि ‘कॉम्बी’ प्रकारच्या बॉयलरमध्ये वाहता वाहताच तापतं.

वर्षातून एकदा ही पेटी उघडून तपासायची असते. घर स्वतःचं असेल तर कायद्याची सक्ती नाही, मात्र सर्व्हिसिंग चुकलं तर बहुतेक कंपन्यांची वॉरंटी संपते. घर भाड्याने दिलेलं असेल तर १९९८ च्या गॅस सुरक्षा नियमांप्रमाणे घरमालकाला दर बारा महिन्यांनी गॅसच्या उपकरणांची तपासणी करून घ्यावीच लागते, आणि तिची लेखी नोंद २८ दिवसांच्या आत भाडेकरूला द्यावी लागते. नवा भाडेकरू असेल तर तो राहायला येण्याआधीच. पुण्या-नागपुरातून तिकडे शिकायला गेलेल्या मुलामुलींनी हा कागद न संकोचता मागून घ्यावा, तो त्यांचा हक्क आहे. एवढं लक्षात ठेवावं की ही कायदेशीर तपासणी आणि पूर्ण सर्व्हिसिंग या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. बरेच घरमालक दोन्ही एकाच फेरीत उरकतात, काही फक्त पहिली करतात.

सर्व्हिसिंग म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे धुणं-पुसणं आणि तेलपाणी येतं. या कामात ते थोडंच असतं. जे आपल्या डोळ्यांना, नाकाला किंवा हाताला कळू शकत नाही ते मोजायचं, हे या कामाचं मर्म आहे, आणि मला त्याचं अप्रूप वाटतं ते यासाठीच. पेटी मोहोरबंद असते, त्यामुळे ज्योत नीट दिसत नाही. गॅसचा दाब दिसत नाही. आणि बिघाड झालाच तर जो वायू माणसाचा जीव घेतो त्या कार्बन मोनॉक्साइडला रंग नाही, वास नाही, चव नाही.

तपासायला येणाऱ्या इंजिनिअरकडे गॅस सेफ रजिस्टरचं कार्ड असतं. पुढे फोटो आणि परवाना क्रमांक, मागे त्याला कोणकोणत्या उपकरणांना हात लावता येतो त्याची यादी. कार्डाची मागची बाजूही बघावी, तीच महत्त्वाची. या नोंदणीचं मूळ एका दुर्घटनेत आहे. १६ मे १९६८ च्या पहाटे पूर्व लंडनमधल्या रोनन पॉइंट या २२ मजली, नव्याकोऱ्या इमारतीत अठराव्या मजल्यावर एका बाईंनी चहासाठी शेगडी पेटवायला काडी ओढली. शेगडीच्या जोडणीतला एक पितळी नट निकृष्ट होता आणि त्यातून गॅस गळून घरात साचला होता. स्फोटाने बाहेरची भिंत उडाली आणि इमारतीचा एक अख्खा कोपरा वरपासून खालपर्यंत ढासळला. चार माणसं गेली, काडी ओढणाऱ्या बाई मात्र वाचल्या. १९७० मध्ये गॅसची कामं करणाऱ्यांची नोंदणी ठेवणारी ‘कॉर्गी’ ही संस्था स्थापन झाली. १ एप्रिल २००९ पासून तिची जागा गॅस सेफ रजिस्टरने घेतली.

आता पेटीचं झाकण निघतं. आत सगळ्यांत वर किंवा मधोमध बर्नर असतो, अगदी बारीक भोकं पाडलेलं पोलादी नळकांडं. त्याच्या अलीकडे एक पंखा. पंखा बाहेरची हवा आत ओढतो. हवेची वाट एका ठिकाणी मुद्दाम अरुंद केलेली असते. तिथे तिचा वेग वाढतो, दाब उतरतो, आणि उतरलेला दाब आपल्या प्रमाणात गॅस ओढून घेतो. हवा जास्त तर गॅस जास्त, हवा कमी तर गॅस कमी. एक घनमीटर गॅस पूर्ण जळायला जवळपास दहा घनमीटर हवा लागते, आणि हे गुणोत्तर बॉयलर मंद चालो वा जोरात, सांभाळलं जातं.

गॅस आणि हवेचं हे मिश्रण स्फोटक असतं. मग भोकांच्या बाहेर पेटलेली ज्योत उलटी आत शिरून पंख्यापर्यंत का पोचत नाही? याचं उत्तर हम्फ्री डेव्हीने १८१५ मध्ये कोळशाच्या खाणीतल्या कामगारांसाठी शोधलं होतं. खाणीत जो वायू पेटून माणसं मरत, तो मुख्यतः मिथेनच. डेव्हीला दिसलं की बारीक जाळीतून ज्योत पलीकडे जात नाही. धातू तिची उष्णता इतक्या झपाट्याने ओढून घेतो की भोकातला वायू पेटायच्या तापमानाला पोचतच नाही. त्याने खाणकामगाराच्या दिव्याभोवती जाळी गुंडाळली. बॉयलरच्या बर्नरची भोकं त्याच तत्त्वावर एवढी बारीक ठेवलेली असतात. म्हणूनच त्यांत धूळ आणि कपड्यांचे तंतू अडकले की ती मोकळी करावी लागतात.

बर्नरसमोर एक वाकडी सळई असते, विणकामाच्या सुईहून बारीक, तळाशी पांढऱ्या चिनीमातीचं वेष्टण. बॉयलरमधली माझी सगळ्यांत आवडती वस्तू हीच. ज्योत लागली आहे की नाही, हे पेटीच्या मेंदूला ही सळई सांगते. तिला डोळा नाही आणि ती उष्णताही मोजत नाही. ती ज्योतीतून वीज वाहते का ते बघते.

ज्योतीतून वीज वाहते! विल्यम गिल्बर्टने १६०० सालीच पाहिलं होतं की घासून विद्युतभारित केलेल्या अंबराची ओढ ज्योतीजवळ नाहीशी होते. मिथेन जळताना त्याचे तुकडे होत जातात. त्यांतले काही तुकडे ऑक्सिजनच्या अणूशी भिडताना एक इलेक्ट्रॉन सोडतात, मागे धन आयन उरतो. त्यामुळे निळ्या ज्योतीत सुटे इलेक्ट्रॉन आणि आयन सतत भिरभिरत असतात. सळई आणि बर्नर यांच्यामध्ये दिशा बदलणारा, म्हणजे एसी दाब लावला की या ज्योतीतून काही मायक्रोअँपिअरचा प्रवाह वाहतो.

इथून पुढे तर कमालच आहे. इलेक्ट्रॉन आयनांपेक्षा हजारो पटींनी हलके, त्यामुळे चपळ. आयन जड, सुस्त. बर्नरचा धातू विस्ताराने मोठा, सळई बारीक. त्यामुळे प्रवाह एका दिशेने सहज जातो, उलट्या दिशेने जवळपास जातच नाही. एसी लावलेल्या ज्योतीतून डीसी निघतो. समजा सळईवर पाण्याचा थेंब बसला किंवा काजळीने तिला बर्नरशी जोडलं, तरीही प्रवाह वाहील, पण तो दोन्ही दिशांना सारखाच. पेटीचा सर्किट बोर्ड फक्त एकतर्फी प्रवाहावर विश्वास ठेवतो, त्यामुळे थेंबाला ज्योत समजण्याची चूक तो करत नाही. ज्योत विझली की एकतर्फी प्रवाह थांबतो आणि लगोलग गॅसची झडप मिटते. न जळलेला गॅस आत साचायला वावच उरत नाही.

सर्व्हिसिंगमध्ये ही सळई बाहेर काढतात. तिच्यावर बऱ्याचदा पांढरट कवच चढलेलं असतं. केसांचे, फर्निचरचे जे फवारे घरात मारले जातात, त्यांतल्या सिलिकॉनची वाफ हवेबरोबर बर्नरमध्ये जाते, जळते आणि तिची वाळू, म्हणजे सिलिका होऊन सळईवर बसते. सिलिकातून वीज जात नाही. प्रवाह हळूहळू क्षीण होतो आणि एखाद्या गारठलेल्या रात्री ज्योत नीट जळत असूनही बॉयलर ती ‘नाही’ समजून बंद पडतो. इंजिनिअर बारीक पॉलिश पेपरने ते कवच उतरवतो, मग पातळ पट्टी घालून सळई आणि बर्नर यांच्यातली फट मोजतो. दोन-चार मिनिटांचं काम. आणखी एक गोष्ट यातून निघते. शुद्ध हायड्रोजनच्या ज्योतीत कार्बन नसतो, त्यामुळे असे आयनही जवळपास नसतात. उद्या घरांत हायड्रोजन जाळायचा म्हटलं तर ही सळई आंधळी होईल आणि ज्योत ओळखायला दुसरं साधन, उदाहरणार्थ अतिनील किरण टिपणारं, लावावं लागेल.

ज्योतीच्या पलीकडे उष्णता पाण्याला देणारा भाग असतो. आपल्याकडच्या तांब्याच्या बंबात मधल्या नळीत निखारे आणि भोवती पाणी असे, तीच ही रचना. बंबाच्या तोंडातून वर जाणारा धूर बरीचशी उष्णता घेऊन जायचा आणि त्याबद्दल कोणाची तक्रार नव्हती. ब्रिटनमध्येही जुन्या बॉयलरचं तसंच होतं. गॅसमधल्या एकूण उष्णतेचा सुमारे दहावा हिस्सा सुरुवातीला सांगितलेल्या त्या वाफेत अप्रकट उष्मा म्हणून दडलेला असतो. वाफ वाफ राहूनच बाहेर गेली तर तो गेला. तिचं आतच पाणी केलं तर तो परत मिळतो. जळालेल्या वायूतली वाफ सुमारे ५५ अंशांखाली दव धरू लागते. म्हणून रेडिएटरमधून फिरून येणारं पाणी ५५ अंशांहून गार असेल, तर त्याच्या नळ्यांवर वाफेचं पाणी होतं आणि दडलेली उष्णता पाण्यात उतरते. अशा ‘कंडेन्सिंग’ बॉयलरची इंग्लंड-वेल्समध्ये एप्रिल २००५ पासून बहुतेक सगळीकडे सक्ती झाली. २०२२ मध्ये गॅसचे भाव भडकले तेव्हा बॉयलरचं तापमान उतरवून ठेवा, असा सल्ला घरोघर पोचला तो या दवबिंदूमुळेच. रेडिएटर हाताला थोडे कोमट लागतात, खोली तापायला वेळ जास्त घेते, पण तेवढ्याच उबेला गॅस कमी जळतो. गरम पाण्याची साठवण टाकी असलेल्या घरांत मात्र टाकीचं पाणी साठ अंशांखाली ठेवायचं नसतं, नाहीतर त्यात लिजिओनेला जिवाणू वाढतात.

वाफेचं झालेलं हे पाणी आम्लधर्मी असतं, सामू तीन ते पाचच्या आसपास. जुन्या ओतीव लोखंडाला त्याने खाऊन टाकलं असतं, म्हणून आतला भाग स्टेनलेस स्टीलचा किंवा ॲल्युमिनियमचा असतो. हे पाणी तळाशी एका वाकड्या सापळ्यात उतरतं आणि तिथून मोरीच्या नळीला मिळतं. सापळ्यात नेहमी थोडं पाणी उभं राहिलं पाहिजे, कारण तेवढंच काय ते पाणी विषारी वायूला घरात येण्यापासून अडवतं. इंजिनिअर सापळा खोलतो आणि बादलीत ओततो. पाण्याबरोबर राखाडी, रवाळ गाळ निघतो. तो सापळा धुतो आणि, इथेच जाणता माणूस ओळखू येतो, स्वच्छ पाण्याने भरून मगच जागेवर बसवतो. कोरडा बसवला तर नुकतंच सर्व्हिसिंग झालेला बॉयलर जळलेला वायू घरात सोडू शकतो. २०१० च्या डिसेंबरात कडाक्याची थंडी पडली तेव्हा घराबाहेरून नेलेल्या याच बारीक नळ्या ठिकठिकाणी गोठल्या, पाणी तुंबलं आणि नेमके थंडीच्या ऐन दिवसांत बॉयलर बंद पडले. तेव्हापासून बाहेरून जाणारी नळी जाड घ्या, तिच्यावर वेष्टण घाला, हे आवर्जून सांगितलं जातं.

यानंतर ज्या मोजणीसाठी मी हे सगळं लिहायला घेतलं तिच्याकडे येतो. इंजिनिअर हातात मावेल एवढं एक यंत्र घेऊन आधी घराबाहेर जातो. बाहेरच्या स्वच्छ हवेत यंत्राचं शून्य ठरवून घेतो, मग आत येऊन धुराड्याच्या नळीवरचं छोटं बूच काढतो आणि त्या भोकात यंत्राची नळी घालतो. पडद्यावर आकडे स्थिरावू लागतात. कार्बन डायऑक्साइड नऊ टक्क्यांच्या आसपास. कार्बन मोनॉक्साइड दहा लाखांत इतके भाग. आणि या दोघांचं गुणोत्तर.

जळणाऱ्या मिथेनमधला कार्बन एकदम डायऑक्साइड होत नाही. आधी हायड्रोजन एकेक करून सुटतात, मग कार्बनला ऑक्सिजनचा एक अणू मिळतो आणि मोनॉक्साइड होतो, आणि ज्योतीच्या पुढच्या भागात, भरपूर उष्णता असेल तरच, दुसरा ऑक्सिजन जोडला जाऊन डायऑक्साइड होतो. स्वच्छातल्या स्वच्छ ज्योतीतही बहुतेक सगळा कार्बन काही क्षणांपुरता विष होऊन पुढे जातो. हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा मी शेगडीसमोर बराच वेळ उभा राहिलो होतो. हवा कमी पडली, धुराड्यात अडथळा आला, पंखा धुळीने जड झाला, किंवा ज्योत गार धातूला टेकून मध्येच निवली, तर शेवटची पायरी हुकते आणि मोनॉक्साइड तसाच बाहेर पडतो.

पूर्वी ब्रिटनमध्ये घरोघर जो गॅस यायचा तो कोळशापासून काढलेला असे. मुंबईच्या रस्त्यांवर १८६५ मध्ये गॅसचे दिवे लागले तेही अशाच गॅसवर. त्यात कार्बन मोनॉक्साइड मुळातच मिसळलेला असायचा, त्यामुळे नुसती गळतीसुद्धा प्राणघातक. १९६७ मध्ये उत्तर समुद्रातला नैसर्गिक वायू किनाऱ्याला लागला आणि पुढच्या दहाएक वर्षांत सव्वा कोटीहून अधिक ग्राहकांच्या शेगड्या आणि हीटर घरोघर जाऊन बदलले गेले. नव्या गॅसला जुने बर्नर चालत नव्हते. तेव्हापासून गॅसमध्ये हे विष नाही. ते बनतं ते जळण्याच्या चुकीतून, म्हणून जळणं तपासावं लागतं.

हा वायू शरीरात काय करतो ते जॉन स्कॉट हॉल्डेन या शरीरशास्त्रज्ञाने १८९५ मध्ये स्वतःवर प्रयोग करून नोंदवलं. रक्तातल्या हिमोग्लोबिनला ऑक्सिजनपेक्षा मोनॉक्साइड दोनशेहून अधिक पटींनी घट्ट चिकटतो. आधी डोकं दुखतं, मळमळतं, पाय जड होतात. माणसाला वाटतं थकवा आहे, पित्त झालं आहे, फ्लू येतो आहे. विचारशक्तीच मंदावते, त्यामुळे दार उघडून बाहेर जावं हेही सुचत नाही. पुढच्याच वर्षी वेल्समधल्या टायलर्सटाउनच्या खाणीत स्फोट झाला. हॉल्डेनने मृतदेह तपासून दाखवून दिलं की बहुतेक माणसं स्फोटाने गेली नव्हती, मागाहून पसरलेल्या मोनॉक्साइडने गेली होती. खाणीत लहान प्राणी-पक्षी न्यावेत हे त्यानेच सुचवलं, कारण त्यांचा श्वास जलद आणि ते माणसाआधी ढासळतात. ब्रिटनच्या खाणींतून कॅनरी पक्ष्यांना रजा मिळाली ती थेट १९८६ मध्ये.

इंजिनिअरच्या हातातलं यंत्र त्या पक्ष्याच्या जागी आलं आहे. समजा डायऑक्साइड नऊ टक्के आहे, म्हणजे दहा लाखांत नव्वद हजार भाग, आणि मोनॉक्साइड नव्वद भाग. गुणोत्तर ०.००१. कंडेन्सिंग बॉयलरला ०.००४ पर्यंत चालतं. त्यापुढे गेलं तर कारण शोधून ते दूर केल्याशिवाय बॉयलर चालू ठेवून निघून जायचं नसतं. नुसता मोनॉक्साइडचा आकडा न बघता गुणोत्तर बघायचं यालाही कारण आहे. नमुन्यात बाहेरची हवा मिसळली तर दोन्ही आकडे सारखेच पातळ होतात, गुणोत्तर मात्र बदलत नाही. दशांशातल्या त्या आकड्यात जळण्याची तब्येत नितळ दिसते.

उरलेली कामं भराभर सांगतो. गॅसचा दाब २१ मिलिबार, म्हणजे काचेच्या वाकड्या नळीच्या दोन बाजूंच्या पाण्यात २१ सेंटिमीटरचा फरक पाडेल एवढाच. आजही काही इंजिनिअर नळी आणि पाणी यांनीच तो मोजतात. पाणी तापलं की फुगतं, त्याला जागा हवी म्हणून आत एक रबरी पडद्याची टाकी असते. पडद्यामागे हवा, आणि ती भरायला सायकलला-मोटारीला असतो तसलाच व्हॉल्व्ह. वर्षभरात हवा थोडी झिरपते, पंपाने भरून काढतात. रेडिएटरच्या लोखंडाचा आतल्या पाण्याशी संथ संयोग होऊन काळा मॅग्नेटाइट तयार होतो आणि हायड्रोजन सुटतो. रेडिएटर वरून गार राहिला तर वायू साठलाय, खालून गार राहिला तर काळा गाळ. हा गाळ लोहचुंबकाला चिकटतो, म्हणून परतीच्या नळीवर चुंबक बसवलेला असतो. सर्व्हिसिंगच्या वेळी तो उपसून बाहेर काढला की त्याच्यावर ओल्या, काळ्याभोर लगद्याचा जाड थर असतो. वर्षभर फिरत राहिलेलं ते आपल्याच रेडिएटरचं लोखंड.

आपल्याकडे, महाराष्ट्रात, यातली एक गोष्ट जीवनमरणाची आहे. ब्रिटनमधला आजचा बॉयलर खोलीतली हवा घेत नाही. भिंतीतून एकात एक दोन नळ्या बाहेर जातात, आतलीतून जळलेला वायू बाहेर आणि बाहेरचीतून ताजी हवा आत. आपल्या न्हाणीघरात टांगलेला साधा गॅस गिझर खोलीतलीच हवा घेतो आणि जळलेला वायू खोलीतच सोडतो. हिशेब करून बघण्यासारखा आहे. सहा लिटरचा गिझर पूर्ण जोरात चालला तर तासाला सुमारे एक किलो एलपीजी जाळतो. एक किलो एलपीजीला बारा-तेरा घनमीटर हवा लागते. फ्लॅटमधली लहान न्हाणी जेमतेम पाच घनमीटरची. म्हणजे दार-खिडकी बंद करून वीस मिनिटं गिझर चालला तर तो त्या न्हाणीतल्या बहुतेक सगळ्या हवेवर हक्क सांगतो, आणि हवा जसजशी कमी पडते तसतसा मोनॉक्साइड वाढतो. थंडीत, डोक्यावरून गरम पाणी घेताना, खिडकीच्या काचपट्ट्या मिटलेल्या असताना. दर हिवाळ्यात पुण्या-नाशकाकडून येणाऱ्या बातम्यांत आंघोळीला गेलेली तरणीताठी माणसं बंद दाराआड मृतावस्थेत सापडतात, ती अशी. न्यूरॉलॉजिस्टांकडे न्हाणीत फिट आली म्हणून येणाऱ्या काही रुग्णांचंही मूळ हाच गिझर असतो.

गिझर न्हाणीच्या बाहेर, मोकळ्या बाल्कनीत किंवा पॅसेजमध्ये लावून आत फक्त गरम पाण्याची नळी आणली तर हा धोका जवळपास संपतो. तोवर बादल्या आधी भरून घ्याव्यात, गिझर बंद करावा आणि मगच कडी लावावी. कार्बन मोनॉक्साइडचा अलार्म आता आपल्याकडेही मिळतो. युरोपीय प्रमाणानुसार बनलेला अलार्म दहा लाखांत ५० भाग वायू असेल तर तास ते दीड तासाने वाजतो, १०० भागांना दहा ते चाळीस मिनिटांत आणि ३०० भागांना तीन मिनिटांच्या आत. रक्तात हा वायू जितक्या वेळात साठतो तो वेळ धरूनच हे टप्पे ठरवले आहेत. हा अलार्म न्हाणीच्या आत लावायचा नसतो, वाफेने त्याचा सेन्सर बिघडतो. न्हाणीच्या दाराबाहेर किंवा झोपायच्या खोलीत लावावा. पाठीमागे सेन्सरची मुदत छापलेली असते, साधारण सात ते दहा वर्षं. ती उलटली की बटण दाबल्यावर तो वाजला तरी नवा आणावा, कारण बटण फक्त बॅटरी आणि भोंगा तपासतं.